गारेत ठेवलेली बोली

गयामावशी गावाच्या वेशीजवळ आली की थांबायची. वेस म्हणजे काही कमान-बिमान नव्हे, ढासळलेले दोन दगडी खांब, त्यातल्या एकावर शिकवणीची जाहिरात रंगवलेली. पण तिथं ती थांबायचीच. डोक्यावर सरपण असो की हातात रेशनची पिशवी, एक श्वासभर उभी राहायची, कमरेच्या चंचीत हात घालून काहीतरी काढायची, ओठांना लावायची, पुटपुटायची आणि मगच आत पाऊल टाकायची. मी शाळेवर नवी आले होते तेव्हा मला वाटलं, देवाला नमस्कार करत असेल. देऊळ उलट्या बाजूला होतं हे माझ्या ध्यानात आलं नाही. माझी नजर पहिल्यापासून घाईचीच.

पाथर्डी तालुक्यातलं हे गाव. दिवाळी उरकली की निम्मं गाव ऊसतोडीला जायचं आणि वेशीबाहेरच्या आमच्या दोन खोल्यांच्या शाळेत पोरं निम्मी उरायची. त्या उरलेल्यांची खिचडी गयामावशी शिजवायची. वाळकी काटकी बाई, माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठी, कपाळावर गोंदणाचे तीन ठिपके. पोरांना ती "पावनं" म्हणायची. घंटा झाली की पातेल्यामागून आवाज यायचा, "या पावनं, बसा." पहिलीतलं शेंबडं पोरसुद्धा मग ऐटीत मांडी घालून बसायचं. कुणी ताटात टाकलं तर ती ओरडायची नाही. त्याच्या शेजारी येऊन बसायची आणि ताट रिकामं होईस्तोवर बसून राहायची. मीठ घालताना ती नेहमी दुसरीकडं बघायची. मी एकदा म्हटलं, मावशी, बघून तरी घाला. तर म्हणाली, "मीठ हाताला कळतं बाई, डोळ्याला न्हाई." आणि खरं सांगायचं तर तिची खिचडी माझ्या हाताच्या खिचडीपेक्षा चांगली असायची, हे मी घरी कधी कबूल केलं नाही.

तिची माणसं फिरस्ती. आज इथं पाल, महिन्यानं तिथं. सुया-मणी विकायचे, जडीबुटी द्यायची, गावाच्या कडेला उतरायचं. तिचा नवरा याच गावाच्या गायरानात उतरला असताना गेला आणि ती पुढं निघालीच नाही. एकदा वरचे साहेब तपासणीला आले, त्यांनी जेवता जेवता विचारलं, मावशी, मूळ गाव कोणतं? ती म्हणाली, "वाटंवरचं." साहेब हसले. ती हसली नव्हती.

तिला एकच लेक, ती ऊसतोडीला गेली असताना फडात पान लागून, म्हणजे साप चावून, गेली. जावयानं वर्षात दुसरं लग्न केलं आणि नात आजीपाशी आली. नातीचं नाव मंदा. सहा वर्षांची झाली तशी मावशीनं तिला माझ्यापुढं उभी केली. प्रवेशाचा फॉर्म मीच भरला. मातृभाषेच्या रकान्यात न विचारता मराठी लिहून मोकळी झाले. मावशीनं विचारलं, काय लिवलं? मी सांगितलं. ती बरं म्हणाली.

मंदा शाळेत बोलेना. आठवडा गेला, महिना गेला, पोरगी मुकी. पाटी पुढ्यात धरून भिंतीकडं बघायची. मग एकदा मधल्या सुट्टीत चुलीपाशी ती आजीशी बोलताना मी ऐकली आणि दारातच थबकले. घडाघडा बोलत होत्या दोघी, हातवारे करून, हसून. आणि त्यातलं एक अक्षर मला कळत नव्हतं. मला बघितलं तशी दोघी गप्प झाल्या.

ती त्यांची बोली होती. मावशीनं नंतर सांगितलं, तेसुद्धा मी चार वेळा विचारल्यावर. ही बोली बायकांची. आई लेकीला देते, पुरुषांना तिच्यातल्या चार शिव्या यायच्या, बस. परक्यापुढं ती बोलायची नाही हा नेम. पूर्वी पोलीस पालं उठवायचे, गावकरी चोर म्हणून धरायचे, तेव्हा बायका एकमेकींना सावध करायच्या त्या या बोलीत. पण तोंड ते तोंड, घाबरल्यावर आपलीच भाषा निघणार. म्हणून त्यांच्याकडं गार होती.

आमच्याकडं विहीर खणताना सुरुंग लावला की कातळाच्या पोटातून गारगोट्या निघतात. पोरं खेळायला नेतात, कधी कुणी व्यापारी येऊन घेऊन जातो. तसलीच ही गार, अंगठ्याएवढी, सहा कडांची, स्वच्छ, टोकाला जरा टवका उडालेला. मावशी चंचीत ठेवायची ती हीच. गावात शिरण्याआधी वेशीपाशी गार ओठांना लावायची आणि बोली तिच्यात बोलून ठेवायची. मग दिवसभर कुणी मारलं, कोंडलं तरी तोंडातून ती निघणारच नाही, कारण तोंडात ती नसतेच. संध्याकाळी पालावर परत आलं की गार जिभेवर धरायची, की बोली परत. कितीजणी आपापली बोली त्या एकाच गारेत ठेवायच्या आणि जिची तिला मिळायची. रोज ठेवायला श्वासभर पुरायचं, कारण ती संध्याकाळपुरती असायची. नेम एकच, ठेवलेली बोली निजायच्या आत परत घ्यायची.

मला हसू आलं. मी डी.एड. झालेली बाई, अंधश्रद्धेवर भाषणं देणारी. हसू दाबलं आणि माझ्या कामाचं बोलले. मी म्हटलं, मावशी, ही पोर मागं राहील. घरात तुम्ही ती बोली बोलता म्हणून हिच्या तोंडात शाळेची भाषा बसत नाही. सहा महिने बंद करा. एकदम बंद. सहा महिन्यांत बघा कशी वाचायला लागते.

मावशीनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग म्हणाली, "मी ठरवलं तरी तोंड ऐकायचं न्हाई बाई. पोरगी पडली, रडली, की तेच निघनार."

शनिवारी अर्धी शाळा सुटल्यावर ती आली. मी ओट्यावर पेपर तपासत होते. ती खिचडीच्या खोलीच्या उंबऱ्यात बसली, गार ओठांपाशी धरली आणि बोलायला लागली. अडीच-तीन तास. मधे मधे ती गुणगुणली, एकदा कुणाला तरी रागावली, एकदा हसली, शेवटी शेवटी नुसते सुटे शब्द, एकेक, थांबून थांबून. मग उठली आणि गार माझ्या पेपरांवर ठेवली. आतून पांढरी झाली होती ती, ताकासारखी. मी म्हटलं वाफ असेल. पदरानं पुसली. गेली नाही. पुन्हा पुसली. मावशी म्हणाली, "कपाटात ठिवा. माझ्याजवळ असली तर मी घीन." मी खडूच्या डब्यात गार टाकली आणि कपाटाला कुलूप लावलं.

आणि काय सांगू, मंदा बोलायला लागली. दिवाळीपर्यंत अडखळत, संक्रांतीला कविता म्हणून दाखवली, उन्हाळ्याच्या आधी वाचायला लागली. शिक्षकांच्या बैठकीत मी हे सगळ्यांना रंगवून सांगितलं. टाळ्यासुद्धा मिळाल्या.

मावशीकडं मात्र मी नीट बघितलं नाही. ती गप्प झाली होती. खिचडी ढवळताना गुणगुणायची ते थांबलं. मला वाटलं, वय झालं. तिच्याकडं सात-आठ कोंबड्या होत्या, त्या संध्याकाळी तिच्याकडं येईनात. तिची हाक त्या बोलीतली होती, आणि ती आता तिला येत नव्हती. मराठीत तिनं लाख हाका मारल्या, कोंबड्यांनी मान वळवून बघितलंसुद्धा नाही. रोज दिवस मावळताना मावशी गायरानात कोंबड्यांमागं धावायची आणि पोरं हसायची. मीही हसले आहे. पुढं तिनं कोंबड्या देऊन टाकल्या.

सहा महिने झाल्यावर तिनं विचारलं होतं. मला तो दिवस चांगला आठवतो, पातेलं घासत होती, मान वर न करता म्हणाली, बाई, सहा महिनं झालं का? मी म्हटलं, झाले की. पण आता गाडी रुळावर आलीय तर कशाला मोडता घालता? एवढं वर्ष जाऊ द्या. वर्ष गेल्यावर तिनं पुन्हा विचारलं, तेव्हा मी म्हटलं, चौथीपर्यंत जाऊ द्या. त्यानंतर तिनं विचारलं नाही. आणि मी विसरले. मुद्दाम नाही हो, पण विसरले. कामं काय थोडी असतात आम्हाला? असं मी अजून स्वतःला सांगते.

एकदाच ती बोलली होती. जेवणानंतर भांडी पालथी घालताना म्हणाली, "सपनात आई येती. तोंड हलतं तिचं, आवाज न्हाई. समदीच मुकी येत्यात." मी म्हटलं, पित्त झालं असेल, रात्रीचं तिखट कमी खा.

अशी नऊ वर्षं गेली. मंदा दहावीला पाथर्डीच्या वसतिगृहात होती, हुशार निघाली होती, नर्स व्हायचं म्हणत होती. आणि त्या हिवाळ्यात मावशीचा भाऊ श्रीरामपूरहून टेम्पोत घालून त्यांच्या आईला घेऊन आला. म्हातारी त्याच्याकडं असायची. लकवा झाला, उजवी बाजू गेली, आणि तिची मराठी पुसली गेली. पार पुसली गेली. डॉक्टर म्हणाले, असं होतं, मागून आलेली भाषा आधी जाते. तिच्या तोंडात उरली ती फक्त तिच्या आईनं दिलेली बोली. भाऊ म्हणाला, मला कळत न्हाई, तुला कळंल, म्हणून आनली. एवढं बोलून तो ओट्यावर बसला.

मावशीच्या खोपटात जागा कोंदट, खाली ओल. मला वाईट वाटलं. माझ्या घरची लोखंडी कॉट रिकामीच होती, ती मी गादीसकट पाठवून दिली. म्हातारीला तिच्यावर निजवली, वर दोन गोधड्या, उशाला माझीच उशी. गावातल्या बायका म्हणाल्या, बाईंचं मन मोठं.

म्हातारी बोलत होती. तीन शब्द, तेच तेच, दिवसभर. "मोकी दुंबर निसाव." डावा हात हलवून हलवून, मावशीच्या डोळ्यात बघून. मावशी तिच्या तोंडाशी कान नेऊन ऐकायची, मग माझ्याकडं बघायची. भाऊ म्हणाला, देवाचं काहीतरी राहिलं असंल, आणि मढीच्या देवाला नारळ फोडून आला. मावशीनं पाणी दिलं, दूध दिलं, म्हातारीला आवडायचं तसं कुळथाचं पातळ कढण केलं. म्हातारी घोट घ्यायची आणि पुन्हा तेच तीन शब्द. थंडी वाजत असेल म्हणून तिसरी गोधडी घातली. भावानं त्यांच्यातल्या दोन म्हाताऱ्यांना फोन लावून बघितला, त्या म्हणाल्या, आमी कवाच सोडलं ते. मंदाला बोलावलं. तिनं पणजीचा हात धरून ऐकलं, लई वेळ ऐकलं, आणि रडायला लागली. "ऐकल्यासारखं वाटतंय आजी. कळत न्हाई."

तेव्हा मावशी शाळेत आली. वर्ग चालू होता. ती दारात उभी राहिली आणि पोरांसमोर मला म्हणाली, "बाई, माझी बोली द्या."

मी कपाट उघडलं. खडूच्या डब्याच्या तळाशी, भुकटीखाली गार होती. तशीच पांढरी. मावशीनं ती लुगड्याला पुसली आणि तिथंच, वर्गाच्या दारात, जिभेवर ठेवली. सगळी पोरं बघत होती. ती डोळे मिटून थांबली. मग डोळे उघडून मान हलवली.

काहीच आलं नाही. निजायच्या आत परत घ्यायची बोली नऊ वर्षं पडली होती, जुन्या गुळाच्या ढेपेसारखी आत कडक झाली होती. मावशीनं गार तोंडातून काढलीच नाही. गालात धरून खिचडी शिजवली, गालात धरूनच आईचं हागणं-मुतणं काढलं, आणि दुसऱ्या दिवशी पहिला शब्द आला. कोंबड्यांना बोलवायची हाक. तिनं ती मारली आणि शेजारणीच्या खुराड्यातून एक म्हातारी कोंबडी, तिनंच दिलेली, धावत आली. मावशी खाली बसून हसली आणि मग रडली. पण कोंबडीची हाक घेऊन काय करायचं? मग आकडे आले, एक ते वीस. मग शिव्या. मग मीठ, सुई, पाऊस. जे उपयोगाचं नाही ते सगळं आधी येत होतं. गार एकेका टोकानं निवळत होती, आणि म्हातारीचा आवाज दिवसेंदिवस बारीक होत होता. मी रोज शाळा सुटली की जायची आणि उंबऱ्यात बसायची. दुसरं काय करता येत होतं मला?

सहाव्या दिवशी पहिला शब्द कळला. मोकी म्हणजे मला. "मला म्हनती," मावशी आम्हाला सांगत सुटली, "मला काय तरी पायजे म्हनती." मग आम्ही तिघी-चौघींनी मिळून काय काय पुढं केलं त्या म्हातारीच्या! आरसा दाखवला, फणी दाखवली, मंदाचा फोटो, तंबाखू, तुळशीचं पान. ती प्रत्येक वस्तूकडं बघायची आणि डोळे मिटायची. कॉट दाराच्या उजेडाकडं ओढली. उशी उंच केली. नवव्या दिवशी दुपारी तिनं ते तीन शब्द म्हणायचं सोडलं, आणि दिवस मावळायच्या आत गेली. त्यांच्यात पुरतात. गायरानाच्या कडेला, जिथं पूर्वी त्यांची पालं पडायची, तिथं तिला माती दिली.

म्हातारीच्या दहाव्याच्या विधीच्या आदल्या दिवशी मी गेले, तर मावशी खोपटाबाहेर जमिनीवर बसली होती. गार तिच्या तळहातावर होती. काचेसारखी स्वच्छ, आत काहीही नाही. तिनंच सांगितलं. सकाळी अंगण सारवताना हात शेणात असताना आले म्हणे उरलेले दोन्ही शब्द, एकापाठोपाठ.

"भुईवर निजव म्हनत हुती," मावशी म्हणाली. "मला भुईवर निजव. जल्मभर कधी खाटंवर निजली न्हाई माजी आई."

मी तिथंच खाली बसले. आत माझी कॉट तशीच होती, गादीसकट, वर तीन गोधड्या घडी घालून ठेवलेल्या. नुसता हात धरून उतरवायचं होतं तिला, दोन मिनिटांचं काम. मी म्हटलं, मावशी, माझं चुकलं. सहा महिने म्हटलं होतं मी.

तिनं माझ्याकडं बघितलं. राग नव्हता. असता तर मी तो घेतला असता. ती म्हणाली, "निजली की आता भुईवर."

कॉट तिनं दुसऱ्या दिवशी भावाच्या हाती परत पाठवली. मी ती माळ्यावर टाकली. घरी कुणी पाहुणा आला तरी काढत नाही.

त्यानंतर मावशीनं दोन वर्षं खिचडी केली. पावनं तेच, मीठ तसंच. तिची बोली आता तिला पुरी आली होती, आणि बोलायला कुणी नव्हतं. मंदाला तिनं शिकवून बघितलं. सुट्टीत आली की पोरगी वही घेऊन बसायची, शब्द लिहून घ्यायची, पाठ करायची, पण ती पाठ केलेली भाषा. मावशी म्हणायची, शानी हाय पोर, लई कष्ट घेती. रोज संध्याकाळी ती गायरानाच्या कडेला जायची आणि आईच्या मातीपाशी बसून बोलायची. गावातले म्हणायचे, डोक्यावर परिणाम झाला. मी त्यांच्यावर खेकसायची. एवढंच काय ते मी तिच्यासाठी केलं.

मग माझी बदली झाली, काष्टीच्या बाजूला. निघायच्या दिवशी मी तिला भेटायला खोपटात गेले, तर दाराला कडी. संध्याकाळची एसटी गाठायची होती. सामान टेम्पोनं पुढं गेलं होतं. मी खिडकीशी बसले. गाडी वेशीतून बाहेर पडली आणि गायरानाला वळसा घालताना मला मावशी दिसली. भुईवर बसली होती, पाठ ताठ, हात हलवून बोलत होती. एवढ्या लांबूनही कळत होतं की भरभरून बोलतेय, मधे थांबतेय, जणू पलीकडून कुणी उत्तर देतंय, आणि पुन्हा बोलतेय. इतक्या वर्षांत तिला तशी बोलताना मी एकदाच बघितली होती, चुलीपाशी, मंदाबरोबर.

मी खिडकीतून हात बाहेर काढला आणि हाक मारली, गयामावशी!

तिनं मान वळवली. मला ओळखलं, नक्की ओळखलं. बोलणं थांबलं. तिचा हात कमरेच्या चंचीकडं गेला, तिनं गार काढली आणि ओठांना लावली. गाडी वळून दिसेनाशी होईपर्यंत तिनं ती खाली घेतली नाही.